गाणारी विश्वे (लेखांक ५) : ज्या वृंदाने जग गायले

मागच्या आठवड्यात आपण सी. एस. लुइस यांच्या नार्नियाचा जन्म पाहिला. अस्लान सिंह गातो आणि गाता गाता गवत, झाडे, जनावरे उगवत जातात. गाण्याची सूत्रे एकाच्याच हाती आणि परिणाम तत्काळ. लुइस यांचे मित्र जे. आर. आर. टॉल्कीन यांनी त्याच्या कितीतरी आधी एक विश्व गाण्यातून घडवले होते. पण गायला त्यांनी अख्खा वृंद उभा केला. वृंद आला की मानापमान आले, हेवेदावे आले, आणि त्यांच्या पाठोपाठ कथाही आली.

या कथेचे नाव ‘ऐनुलिंदाले’. पहिल्या महायुद्धातून परतलेले टॉल्कीन ऑक्सफर्ड इंग्रजी शब्दकोशाच्या कामावर होते, त्या १९१८ ते १९२० च्या सुमारास तिचा पहिला खर्डा झाला. पुढची तीसेक वर्षे ते ती पुन्हा पुन्हा लिहीत राहिले, पण ती छापून आली नाही. १९७३ मध्ये टॉल्कीन वारले. त्यांचे चिरंजीव क्रिस्टोफर यांनी १९७७ मध्ये ‘द सिल्मरिलियन’ प्रसिद्ध केले, त्याची सुरुवातच या कथेने होते.

इलूवातार हा आदिकर्ता. त्याच्या विचारांतून ऐनूर जन्मले. तो त्यांना सुरावटी देतो आणि ते गातात. पण आधी एकेकटे किंवा दोघे-चौघे. बाकीचे नुसते ऐकतात. कर्त्याच्या मनाच्या ज्या भागातून आपण जन्मलो तेवढाच भाग प्रत्येकाला उमगतो. उरलेला कळायचा तर दुसऱ्याचे ऐकावे लागते. ऐकता ऐकता समज वाढते, तसे सूर जुळत जातात. मग इलूवातार एक भव्य सुरावट समोर ठेवतो आणि सांगतो, आता सगळे मिळून गा, ज्याने त्याने ती आपल्या कल्पनेने सजवा. आपल्याकडच्या मैफलीसारखेच हे: बंदिश ठरलेली, विस्तार गाणाऱ्याचा.

बिघाड होतो तो मेल्कोरमुळे. ऐनूरांत तो सर्वांत सामर्थ्यवान. इतरांच्या सगळ्या गुणांचा थोडाथोडा वाटा त्याला मिळालेला. निर्मितीची अविनाशी ज्योत आपल्या हाती लागावी म्हणून तो एकटाच पोकळीत भटकत असे, आणि त्या एकटेपणात त्याचे विचार बाकीच्यांहून निराळे होत गेले. तेच विचार तो गाण्यात घुसवतो. शेजारचे गोंधळतात, काही गप्प होतात, काही त्याचाच सूर धरतात. इलूवातार दुसरी सुरावट सुरू करतो. तीही मेल्कोर बुडवतो. तिसऱ्या वेळी मात्र दोन संगीते एकाच वेळी चालू राहतात. एक संथ, खोल, दुःखाने भारलेले, आणि त्या दुःखामुळेच सुंदर. दुसरे मोठ्या आवाजाचे: मोजक्या स्वरांवर पुष्कळ तुताऱ्या एकसुरात तेच ते घोकत आहेत. मेल्कोरचा बेसूरपणा विस्कळीत नाही, हे इथे ध्यानात घ्यावे. त्याच्या बाजूला सगळे एकच गातात, कारण तिथे कोणी कोणाचे ऐकत नाही. पहिले संगीत मात्र ऐकते. दुसऱ्याचे सर्वांत विजयी स्वरसुद्धा ते उचलते आणि आपल्या रचनेत गुंफून टाकते.

आता या वृंदाच्या शक्तीकडे वळू. नुसत्या गाण्याने जग निर्माण होत नाही. गाणे संपल्यावर इलूवातार त्याचे दृश्य दाखवतो, तेव्हा कुठे गाणाऱ्यांना आपण काय गायलो ते कळते. ‘एआ’ हा शब्द तो उच्चारतो तेव्हा जग अस्तित्वात येते. काही ऐनूर त्यात उतरतात आणि चकित होतात, कारण पाहिलेले काहीच तिथे घडलेले नसते. जे गायले ते युगानुयुगे राबून घडवायचे असते, तेही मेल्कोरची मोडतोड सोसत. शिवाय दृश्य पूर्ण होण्याआधीच मिटलेले, त्यामुळे शेवटच्या काळाबद्दल तेही अनभिज्ञ.

आणखी एक मर्यादा. एल्फ आणि माणसे तिसऱ्या सुरावटीबरोबर आली. ती घडवण्यात एकाही ऐनूराचा वाटा नाही. त्यातही माणसाला इलूवातारने वेगळीच देणगी दिली. इतरांसाठी हे संगीत म्हणजे नियती. माणूस त्यापलीकडे आपले आयुष्य घडवू शकतो.

मेल्कोरच्या सुरांचे पुढे काय झाले? त्याने कडाक्याची थंडी आणली आणि पाण्याच्या अधिपतीला, उल्मोला, त्यातून हिमकण मिळाले. अतिरेकी उष्णता आणली, तर ढग आणि पाऊस मिळाला. नुकसान खोटे नव्हते, पण त्यातून जे निघाले ते उल्मोलाही सुचले नव्हते.

काल्पनिक विश्वात अमर्याद शक्ती देणे सोपे. कथा मात्र त्या शक्तीच्या कुंपणापाशी सुरू होते. गाणाऱ्यांना सगळे गाणे कळत नाही, गायलेले आपोआप घडत नाही, आणि माणूस त्या गाण्याने बांधलेला नाही. या तीन अटी नसत्या, तर टॉल्कीन यांना पुढे लिहायला काही उरले नसते.

पुढच्या लेखात : याच विश्वात गाणे शस्त्र होते तेव्हा. फिनरॉड आणि सौरॉन यांची सुरांची झुंज.