किलार्नीची तीन तळी आणि एक खिंड

गेल्या जून महिन्यात आम्ही उभयता लेकीकडे डब्लिनला गेलो होतो. परत आल्यावर शाळेतून निरोप आला, की वार्तापत्रासाठी आयर्लंडविषयी काहीतरी लिहा. मात्र कुठे काय खाल्ले आणि काय खरेदी केली हे नको, मुलांना काही माहिती मिळेल असे लिहा. सूचना रास्त आहे. म्हणून सगळा देश बाजूला ठेवून आम्ही फक्त एका अर्ध्या दिवसाविषयी लिहीत आहोत.

आयर्लंडच्या नैर्ऋत्य कोपऱ्यात केरी नावाचा परगणा आहे. त्यात किलार्नी हे गाव. डब्लिनहून आगगाडीने साडेतीन तासांच्या आसपास लागतात. गावाला लागून तीन तळी आहेत आणि तळ्यांच्या पलीकडे देशातले सर्वांत उंच डोंगर. सकाळी होडीतून तिन्ही तळी ओलांडून डोंगराच्या मागच्या बाजूला उतरायचे आणि डनलो नावाच्या खिंडीतून सायकलने गावात परत यायचे, अशी ही सहल. सायकली भाड्याने मिळतात आणि त्या आपल्याबरोबर होडीतच येतात.

आधी होडी आणि मग सायकल असे का? यामागे एक साधा हिशेब आहे. पूर्वीपासून पाहुणे खिंडीतून घोडागाडीने किंवा पायी डोंगरापलीकडे जात आणि दुपारी होडीने परत येत. आजही बरेच जण तसेच करतात. त्यांना आणायला सकाळी होड्यांना वर जावेच लागते. त्या रिकाम्या जाण्यापेक्षा सायकलवाल्यांना घेऊन जातात. शिवाय खिंडीचा माथा एकदा गाठला, की गावापर्यंत बहुतेक उतारच आहे. साठी ओलांडलेल्या आमच्यासारख्यांना हे दुसरे कारण अधिक पटले.

होडी सुटते ती रॉस किल्ल्याच्या पायथ्यापासून. पंधराव्या शतकाच्या अखेरीस ओडोनाहू घराण्याने बांधलेला हा चौकोनी बुरूज तळ्याच्या काठावरच उभा आहे. तळ्यावर जहाज येईल तेव्हाच हा किल्ला पडेल, असे भविष्य होते म्हणतात. डोंगरातल्या तळ्यावर जहाज कुठून येणार? पण १६५२ साली क्रॉमवेलचा सेनापती लडलो याने नावा आणवून तळ्यात सोडल्या आणि किल्ल्यातल्यांनी शरणागती पत्करली.

आमच्या होडीत दहा-बारा माणसे होती. पुढच्या टोकावर सायकली आडव्या रचल्या होत्या. होडी लाकडी, वर छप्पर नाही, मागे लहान इंजिन. नावाडी साधारण आमच्याच वयाचे. पहिले तळे लॉख लेन, सर्वांत मोठे, सुमारे १९ चौरस किलोमीटर. त्यात इनिसफॉलन नावाचे बेट आहे. तिथल्या मठातल्या साधूंनी शतकानुशतके आपल्या देशाची बखर लिहिली, काही लॅटिनमध्ये आणि बरीचशी आयरिश भाषेत. ती बखर आज ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात आहे. बेटावर उरले आहेत मोडके दगडी अवशेष.

इथेच आम्ही नावाड्यांना विचारले, की ‘किलार्नी’ म्हणजे काय? ते हसले. म्हणाले, इंग्रजीत याचा अर्थ काहीच नाही. आयरिश भाषेत मात्र आहे. ‘किल’ म्हणजे चर्च आणि ‘आर्न्ये’ म्हणजे एक प्रकारची रानटी, आंबट आलुबुखार. त्या झुडपांमधले चर्च ते किलार्नी.

मग आमचा तोच खेळ झाला. समोर दिसेल त्याचे नाव विचारायचे. डावीकडचा डोंगर टॉर्क, म्हणजे रानडुक्कर. मुक्रस या द्वीपकल्पाच्या नावातही डुक्कर आहेच. इथली रानडुकरे कधीच नाहीशी झाली. काठावरच्या अनेक जागांची नावे ‘डेरी’ने सुरू होतात. दुधाशी त्याचा संबंध नाही, ‘दिरे’ म्हणजे ओक वृक्षांची राई. उजवीकडच्या पर्वतरांगेला इंग्रजीत एका घराण्याच्या नावावरून मॅकगिलिकडीज रीक्स म्हणतात. आयरिशमध्ये तिचे नाव आहे ‘ना क्रूअखा दुवा’, म्हणजे काळ्या गंज्या. शेतात पेंढ्याच्या गंज्या रचतात ना, तशा. ढग खाली उतरले होते आणि खरोखर कोणी काळ्या गंज्या रचून ठेवल्यासारखे डोंगर दिसत होते. त्यांतले सर्वांत उंच शिखर कॅरनटूहिल, १०३९ मीटर. त्याच्या नावात विळा आहे.

एकोणिसाव्या शतकात, १८२४ पासून, इंग्रज सरकारने सबंध आयर्लंडची मोजणी करून नकाशे काढले. नावे लिहून घेताना ती इंग्रजी कानाला ऐकू येतील तशी, इंग्रजी अक्षरांत उतरली. जॉन ओडोनोव्हनसारखे विद्वान गावोगाव हिंडून मूळ रूपे विचारून टिपून ठेवत होते, म्हणून ती आज सापडतात. नकाशावर मात्र नुसते आवाज उरले. या मोजणीचा आपल्याशीही एक धागा आहे. ज्यांचे नाव जगातल्या सर्वोच्च शिखराला दिले, ते जॉर्ज एव्हरेस्ट १८२९ मध्ये ही मोजणी पाहायला आयर्लंडला गेले होते आणि तिथली अंतर मोजण्याची नवी पट्टी त्यांनी पुढे हिंदुस्थानात वापरली. बाकी नावांचे दुःख आपल्यालाही नवे नाही. वटोदर म्हणजे वडांच्या पोटातले गाव. त्याचे साहेबाने ‘बरोडा’ केले. १९७४ पासून सरकारी नाव वडोदरा झाले. आपण मराठी मंडळी आपले बडोदेच म्हणतो, पण वड कुठे गेला, हे आपल्या घरातल्या किती मुलांना सांगता येईल?

लॉख लेनमधून एका कमानी पुलाखालून होडी मधल्या तळ्यात शिरते. हे सर्वांत खोल, ७० मीटरांहून जास्त. इथून पुढे तिसऱ्या तळ्यापर्यंत एक अरुंद, नागमोडी नदी आहे. तिच्या तोंडाशी जुन्या पुलाखाली प्रवाहाला जोर असतो. पाणी कमी असले तर सगळ्यांना उतरवून काठाने चालवतात आणि होडी ओढून घेतात. आम्हाला उतरावे लागले नाही. नातीची मात्र निराशा झाली.

नदीकाठी एक उभा कडा आहे, त्याचे नाव गरुडाचे घरटे. पूर्वी इथे नावाडी पाहुण्यांसाठी बिगूल वाजवत, तोफही उडवत, आणि कड्यावरून त्याचा प्रतिध्वनी परत परत येई. इंग्रज कवी टेनिसन १८४८ साली इथे आला होता. त्या बिगुलावरून त्याने रचलेले गीत प्रसिद्ध आहे. पण गरुड? शिकार आणि विषप्रयोग यांमुळे विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत आयर्लंडमधले गरुड संपले. कड्याचे नाव तेवढे राहिले. मग २००७ ते २०११ या पाच वर्षांत नॉर्वेहून पांढऱ्या शेपटीच्या समुद्री गरुडांची शंभर पिले आणून किलार्नीच्या रानात सोडण्यात आली. मेंढपाळांचा विरोध होता आणि काही पक्षी विष खाऊन मेलेही. तरी २०१३ साली आयर्लंडमध्ये जन्मलेल्या पिलांनी शंभरेक वर्षांनंतर पहिल्यांदा घरट्यातून उड्डाण केले. आम्हाला गरुड दिसला नाही. दिसला असे आमचे जावई म्हणतात, पण तो बगळा असावा.

दोन्ही काठांवर जांभळ्या फुलांचे ताटवेच्या ताटवे होते. होडीतल्या सगळ्यांनी फोटो काढायला सुरुवात केली, आम्हीही. नावाडी मान फिरवून बसले. थोड्या वेळाने म्हणाले, हे फूल म्हणजे आमच्या रानाचा काळ आहे. ते होते ऱ्होडोडेंड्रॉन, इथले नव्हे. बड्या जमीनदारांनी एकोणिसाव्या शतकात बागांच्या शोभेसाठी ते बाहेरून आणून लावले. त्याची पाने विषारी, म्हणून हरणे आणि मेंढ्या त्याला तोंड लावत नाहीत. धुळीसारखे बारीक बी लाखांनी उडते. खाली इतकी दाट सावली पडते, की ओकचे रोप उगवतच नाही. लांबून पाहिले तर ओकचे रान हिरवेगार दिसते. आत सगळी म्हातारी झाडे उभी असतात आणि त्यांच्यामागे एकही पोर नाही. आपल्याकडे गांडो बावळ कसा पसरला हे ज्यांनी पाहिले आहे, त्यांना अधिक सांगायला नको. गेली चाळीस-पंचेचाळीस वर्षे स्वयंसेवक आणि सरकारी माणसे ही झुडपे तोडत आहेत. तोडून भागत नाही, बुंध्याचा बंदोबस्त करावा लागतो, आणि काही वर्षांनी त्याच जागी परत येऊन नवी रोपे उपटावी लागतात.

हे रान टिकले तेही आपोआप नव्हे. मुक्रसची जहागीर विल्यम बोर्न या अमेरिकन सोन्याच्या खाणमालकाने १९११ मध्ये विकत घेऊन लेकीला लग्नात आहेर दिली. लेक १९२९ मध्ये वारली. तेव्हा आईवडील आणि जावई यांनी तिच्या स्मरणार्थ ती सारी, दहा हजार एकरांहून अधिक, १९३२ साली देशाला देऊन टाकली. आयर्लंडचे पहिले राष्ट्रीय उद्यान ते हेच. आज ते दहा हजार हेक्टरांच्या वर आहे. एप्रिल २०२१ मध्ये इथे मोठी आग लागली आणि अडीच हजार हेक्टरांहून अधिक भाग जळाला.

वरच्या तळ्याचे पाणी कोऱ्या चहाच्या रंगाचे आहे. ते घाण नाही. डोंगरावर पीट नावाची काळी, कुजक्या शेवाळाची माती असते, तिच्यातून झिरपल्यामुळे हा रंग येतो. दीड तासाने आम्ही उतरलो. तिथे एक छोटे उपाहारगृह आहे. सूप-पाव घेतला आणि सायकली बाहेर काढल्या.

समोर ब्लॅक व्हॅली, काळी दरी. देशात वीज सर्वांत शेवटी पोहोचलेल्या भागांपैकी हा एक. ती आली १९७० च्या दशकात. चार घरे, एक चर्च आणि मेंढ्या. डोंगरउतारावर एका बाजूने ऊन आले, की गवताखाली समांतर वरंबे दिसतात. ते बटाट्याचे जुने वाफे. आयर्लंडच्या गरिबांचे सगळे पोट बटाट्यावर होते. १८४५ पासून करपा पडून पीक वर्षामागून वर्ष बुडाले, तेव्हा सुमारे दहा लाख माणसे उपासमारीने आणि रोगांनी मेली आणि तितकीच किंवा अधिक बोटीत बसून देश सोडून गेली. १८४१ च्या खानेसुमारीत सबंध बेटावर ८१ लाखांहून अधिक लोक होते. आजही तिथे सत्तर लाखांच्या आसपासच आहेत. मेलेल्यांत आणि गेलेल्यांत आयरिश बोलणारा गरीब शेतकरीच जास्त होता. भाषा कोणी बंदी घालूनच मारावी लागते असे नाही, बोलणारी माणसे गेली की पुरते. आयरिश आज घटनेने देशाची पहिली राजभाषा आहे आणि रस्त्यावरच्या पाट्यांवर वरच्या ओळीत तीच असते. पण २०२२ च्या खानेसुमारीत शाळेबाहेर रोज ती बोलणारे सुमारे ७२ हजार निघाले. आमचे नावाडी शाळेत चौदा वर्षे ती शिकले होते. नावांचे अर्थ त्यांना येत होते. वाक्य बोलायला मात्र घरी कोणी नाही, असे म्हणाले.

चढ सुरू झाला. खिंडीचा माथा सुमारे २४० मीटर उंच आहे, म्हणजे आकडा काही मोठा नाही. पण आम्ही अर्ध्या वाटेतच उतरून सायकली ढकलू लागलो. ढकलताना निदान आजूबाजूला पाहता येते. ही खिंड बर्फाने कोरली आहे. हिमयुगात मागच्या दरीत बर्फ साचत साचत इतका जाड झाला, की तो कडेवरून उतू गेला. डोंगराच्या ज्या खाचेतून तो उत्तरेला वाहिला, ती खाच तो खरवडत खाली नेत राहिला. म्हणून दोन्ही बाजूंचे कडे असे तासल्यासारखे दिसतात आणि तळाशी ठिकठिकाणी खळगे राहून त्यांची पाच लहान तळी झाली आहेत. त्यांतल्या एकात संत पॅट्रिकने आयर्लंडमधला शेवटचा साप बुडवला, अशी कथा आहे. आयर्लंडमध्ये साप नाहीत हे खरे, पण त्याचे श्रेय बर्फालाच द्यावे लागेल.

उतारावर ब्रेक दाबून हात दुखले. रस्ता अरुंद, त्यात घोडागाड्या समोरून येतात. गाडीवान आपल्याला नव्हे, घोड्याला वाट द्यायला सांगतो. वाहतूक आपल्यासारखीच डावीकडून असते, एवढी सोय. होडीतून उतरल्यापासून गावापर्यंत सायकलचे अंतर बावीस-चोवीस किलोमीटर होते. कसलीही घाई न करता, थांबत थांबत आम्हाला साडेतीन तास लागले. सोबत पावसाळी कोट हवाच. ऊन आहे म्हणून तो हॉटेलात ठेवणाऱ्यांत आम्हीही होतो.

खिंड संपल्यावर मुख्य वाटेपासून थोडे आत ओगम लिपीचे दगड उभे केले आहेत. १८३८ साली ते जवळच्या एका भुयारात सापडले. छपराचे दगड म्हणून कोणीतरी वापरले होते. ओगम ही आयरिश भाषेची सर्वांत जुनी लिपी, सुमारे दीड हजार वर्षांपूर्वीची. दगडाची धार हीच रेघ, आणि तिच्या डावीउजवीकडे किंवा आरपार एक ते पाच आडव्या खाचा. अशी वीस अक्षरे. वाचायचे खालून वर. मजकूर बहुधा एवढाच, की अमक्याचा मुलगा तमका.

नातीने वहीत उभी रेघ मारून माहितीफलकावरून आपले नाव त्या खाचांत लिहायला घेतले आणि मधेच अडली. तिच्या नावात ‘प’ आहे आणि मूळच्या वीस अक्षरांत ‘प’ नाही. शेवटी तिने ‘ब’ वर भागवले. सायकली सहाच्या आत परत करायच्या होत्या.