बटाटे जास्त शिजले तेव्हा

ब्रसेल्समधल्या एका फ्लॅटमध्ये एक मध्यमवयीन विधवा बटाटे उकडायला ठेवते. दारावरची घंटा वाजते, दुपारचं गिऱ्हाईक आत येतं. ते पैसे देऊन जाईपर्यंत बटाटे नेमके शिजलेले असतात. नोटा जेवणाच्या टेबलावरच्या सुपाच्या भांड्यात पडतात, वर झाकण बसतं आणि बाई मुलाच्या जेवणाकडे वळते. शांताल आकेरमानच्या १९७५ च्या चित्रपटातला हा पहिला दिवस. चित्रपटाचं नाव 'ज्यान दिएलमान', आणि नावाला जोडून चक्क तिचा पोस्टाचा पत्ता. लांबी २०१ मिनिटं, गोष्ट तीन दिवसांची.

संथ युरोपीय सिनेमाचा विषय निघाला की 'ध्यान', 'चिंतन' असले शब्द भराभर येतात. मला ते पटत नाहीत. हा चित्रपट मन शांत वगैरे करत नाही; एका घराची शिस्त तो आपल्याकडून तोंडपाठ करून घेतो. खोलीतून बाहेर पडताना ज्यान दिवा मालवते. बाबेत मँगोल्टचा कॅमेरा जागचा हलत नाही, चेहऱ्याच्या जवळही जात नाही. ती भांडी विसळते तेव्हा आपल्याला तिची पाठच दिसते.

दुसऱ्या दुपारी गिऱ्हाईक जातं तेव्हा तिचे केस विस्कटलेले असतात, सुपाचं भांडं उघडंच राहतं आणि बटाट्यांचा पार गाळ होतो. पातेलं हातात धरून ती घरभर फिरते, ते कुठे ठेवावं तेच तिला सुचत नाही. मग नवे बटाटे आणून सोलायला बसते, तर सुरी मध्येच थबकते. आपल्या पोटात गोळा येतो. बटाटे बिघडले म्हणून! ही धास्ती पहिल्या दिवसाच्या कंटाळ्यातूनच कमावलेली असते.

चित्रपट केला तेव्हा आकेरमान पंचविशीचीही नव्हती. घरकामाच्या या हालचाली तिने लहानपणी आईच्या आणि नात्यातल्या बायकांच्या हातांत पाहिल्या होत्या. आई आउशवित्झमधून वाचलेली. नायिका देल्फिन सेरिग ही तेव्हाची नावाजलेली नटी. सामी फ्रेने चित्रीकरणावर केलेल्या माहितीपटात ती दिग्दर्शिकेला साध्या साध्या हालचालींचंही कारण विचारताना दिसते.

'साइट अँड साउंड' मासिकाच्या दशवार्षिक कौलात २०१२ मध्ये हा चित्रपट पहिल्या तिसांतही नव्हता. २०२२ मध्ये तो थेट पहिला आला. तिथे पोचलेला स्त्री-दिग्दर्शिकेचा हा पहिलाच चित्रपट. त्या निकालावर जाहीर नाराजी व्यक्त करणाऱ्यांत दिग्दर्शक पॉल श्रेडर होता, ज्याने ओझू, ब्रेसाँ आणि ड्रायर या संथ शैलीच्याच दिग्दर्शकांवर १९७२ मध्ये पुस्तक लिहिलं होतं! कौलाचं राहू द्या. खटकतं ते हे, की आकेरमानची स्थिर चौकट पुष्कळांनी उचलली, तिचं घड्याळ, म्हणजे दिनक्रमाची ती काटेकोर शिस्त, मात्र उचलली नाही. नुसत्या रिकाम्या भिंतीकडे बघत बसायला लावणारे महोत्सवी चित्रपट मला आळशी वाटतात.

शेवट इथे सांगत नाही. फक्त चित्रपट तुकड्यातुकड्यांनी पाहू नका. पहिल्या दिवशी पुढे ढकलत गेलात, तर तिसऱ्या दिवशी काय बिघडलं ते कळायचं नाही.