लागू घरातली लेखिका
पटकथेचं घर : भाग ६

‘खाण तशी माती’ म्हटलं की नटांच्या घराण्यांचा विषय आपल्याकडे मिटतो. मृण्मयी लागू-वायकूळ यांच्या बाबतीत तो इतक्या लवकर मिटत नाही. आजी मंदाकिनी भडभडे, आई रीमा लागू, वडील विवेक लागू, सगळे अभिनयातले. मृण्मयी यांनीही थोडा अभिनय केला, मग सहायक दिग्दर्शनाची हमाली केली आणि नाव मिळालं ते लेखनात. अनुभव सिन्हा यांच्यासह लिहिलेला ‘थप्पड’ फेब्रुवारी २०२० मध्ये आला, पुढच्या वर्षी त्याच्या कथेसाठी दोघांना फिल्मफेअर मिळालं. २०२३ मध्ये हन्सल मेहता यांच्यासोबत ‘स्कूप’ ही मालिका आली.

माझं म्हणणं असं की, आडनावाने या लेखिकेला कागदावर फारशी मदत केलेली नाही. मदत केली ती कागदापर्यंत पोहोचण्याच्या काळात. नटाचं आडनाव पोस्टरवर खपतं. पटकथाकाराचं नाव वाचायला कोण थांबतं? ‘थप्पड’ धुळ्यात पाहणाऱ्याला रीमाताईंची मुलगी कुठेच दिसत नाही. दिसते ती रोज सकाळी दूध आत घेणारी, चहा करणारी, सासूची शुगर तपासणारी अमृता. नवऱ्याने भरल्या पार्टीत थोबाडीत मारल्यावर तीच अमृता पसरलेलं घर आवरत राहते. तिथे भाषण नाही, रडारड नाही, हाताला काम आहे. नटाला तोंडात वाक्यापेक्षा हातात काम दिलेलं जास्त उपयोगी पडतं, हे नटांच्या घरात लवकर कळत असावं. अर्थात पटकथेवर नावं दोन आहेत आणि कुठला प्रसंग कोणाचा हे बाहेरून सांगणं म्हणजे अंधारात बाण मारणं, तेव्हा या तर्कावर फार भार टाकू नये.

यावर कोणी म्हणेल, हा सगळा वशिल्यावर चढवलेला मुलामा आहे. मोठ्या सेटवर सहायक म्हणून शिरणं जळगावच्या पोराला जमलं असतं का? आक्षेप रास्त आहे. फक्त वशिला नेमका कशाला उपयोगी पडतो, ते पाहायला हवं. पटकथेचं मानधन हप्त्याहप्त्याने येतं, चित्रपट रखडला की हप्ताही रखडतो. त्या काळात मुंबईत राहायला घर लागतं, आणि ते ज्याच्याकडे आहे तो दुसरा, तिसरा खर्डा लिहायला टिकतो. रीमा आणि विवेक यांच्या पिढीला ही सोय बँकेने केली होती. दोघं युनियन बँकेत नोकरीला होते, ओळखही तिथलीच. पगार बँकेचा आणि संध्याकाळ नाटकाची. मराठी रंगभूमीवर बँकांचे आणि रेल्वेचे उपकार नाट्यसंस्थांइतकेच आहेत, त्याची नोंद मात्र कोणी ठेवत नाही.

खानदेशात ही जुनी व्यवस्था अजून चालते. इथल्या हौशी नाटकाची भिस्त शिक्षक, प्राध्यापक, बँकेतले लोक यांच्यावर; नोकरी सुटली की तालीम, राज्य नाट्य स्पर्धा जवळ आली की रात्र रात्र. नाटकाला एवढं पुरतं. पटकथेला पुरत नाही, कारण निर्मात्याची बैठक अंधेरीत असते, भर दुपारी असते आणि आयत्या वेळी रद्दही होते. इंटरनेटवरून संहिता पाठवता येते, हे खरं. पण ओळखीच्या माणसाची संहिता आधी उघडली जाते, हेही तितकंच खरं. लहान गावांतून येऊन नाव काढणारे निघतात म्हणून वाट सोपी आहे असं होत नाही. जे दोन वर्षांत परत फिरले त्यांची मोजदाद कोण करतं?

आपल्याकडे वारसा उलटाही वाहिला आहे. बहिणाबाईंची गाणी १९५२ मध्ये पुस्तकात आली ती कवी म्हणून आधीच नाव असलेल्या मुलामुळे, सोपानदेवांमुळे. साहित्याच्या दुनियेत ओळख मुलाची होती, आईची नव्हती. आसोद्याच्या लेकीची कविता ओळखीविना घरातच राहिली असती, तर दोष कवितेचा नसता. म्हणून घराणेशाहीवर चिडण्यापेक्षा जळगाव-धुळ्याच्या एकांकिका स्पर्धांनी एक करून पाहावं : उत्तम लेखनाच्या करंडकासोबत त्या लेखकाचं मुंबईतलं वर्षभराचं घरभाडं द्यावं.