टीव्हीवरील खेळांसाठी चित्राची योग्य मांडणी
स्मार्ट टीव्हीला गेम कन्सोल जोडल्यावर प्रथम ‘गेम मोड’ निवडणे इष्ट असते, कारण त्यात मोशन स्मूदिंग, म्हणजे दोन चौकटींमध्ये कृत्रिम चौकट घालून हालचाल गुळगुळीत भासवण्याची प्रक्रिया, बहुधा बंद होते आणि बटण दाबल्यापासून पडद्यावर परिणाम दिसेपर्यंतचा विलंब, अर्थात इनपुट लॅग, घटतो. ‘एचजीआयजी’ हा, तेजस्वितेचे नियोजन टीव्हीऐवजी कन्सोलकडे सोपवणारा, पर्याय उपलब्ध असल्यास तो सुरू करून कन्सोलवरील एचडीआर (उजळ-गडद भागांतील विस्तृत फरक दाखवणारे चित्र) कॅलिब्रेशन पुन्हा करावे, म्हणजे तेजस्वितेची मर्यादा कन्सोलच ठरवतो आणि ढग वा ज्वाळांतील बारकावे पांढऱ्या डागात हरवत नाहीत. ४के चित्र सेकंदाला १२० चौकटींनी हवे असल्यास पुरेशा क्षमतेचे एचडीएमआय २.१ पोर्ट आवश्यक ठरते. अनेक टीव्हींत अशी पोर्ट मोजकीच असल्याने माहितीपुस्तिका पाहूनच जोडणी करावी.