यादीत आपले नाव आहे का?

आमच्या तालुक्याच्या गावी एक जुने वाचनालय आहे. अब्बा तिथे रोज संध्याकाळी वर्तमानपत्र वाचायला जात आणि मलाही बरोबर नेत. कवितेशी माझी पहिली ओळख तिथल्याच कपाटांतून झाली. २००८ साली त्या वाचनालयाच्या कार्यकारी मंडळाची निवडणूक लागली. मी मत द्यायला गेलो, तर टेबलाशी बसलेल्या गृहस्थांनी यादीवरून दोनदा बोट फिरवले आणि म्हणाले, "कविराज, तुमचं नाव नाही. वर्गणी थकलीय." वर्गणी मी भरली होती. पावती मात्र कुठल्या तरी पुस्तकात खूण म्हणून घातलेली; ती आजतागायत सापडलेली नाही. माझ्यासारखे आणखी चाळीसएक जण त्या दिवशी हात हलवत परत गेले.

त्याच दुपारी दुसऱ्या गटाने शाळेच्या वर्गात वेगळी सभा भरवून आपले मंडळ निवडले. संस्था एक, अध्यक्ष दोन. खात्यावर सही कोणाची चालवायची हे न कळल्याने बँकेने व्यवहार थांबवले. ग्रंथपालांचा पगार अडकला आणि पुढे दाराला कुलूप लागले.

आपल्याकडची वाचनालये, शिक्षणसंस्था, व्यायामशाळा बहुधा दोन कायद्यांखाली नोंदलेल्या असतात. एक १८६० चा संस्था नोंदणी कायदा आणि दुसरा १९५० चा मुंबई सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायदा. या दुसऱ्याच्या नावात आता 'मुंबई'च्या जागी 'महाराष्ट्र' आले आहे. सभासद कोण, हे पहिला सांगतो. विश्वस्तांची नोंद दुसऱ्याखाली होते.

१८६० च्या कायद्याचे पंधरावे कलम आपण जरूर वाचावे. नियमाप्रमाणे ज्याला दाखल करून घेतले, ज्याने वर्गणी भरली किंवा सभासदांच्या यादीवर सही केली आणि ज्याने राजीनामा दिलेला नाही, तो सभासद. पुढे एक शेपूट आहे: वर्गणी तीन महिन्यांहून अधिक थकली असेल तर त्याला मत नाही, आणि सभासद म्हणून मोजायचेही नाही. आता हे शेपूट गैर म्हणता येणार नाही. पण पावतीपुस्तक ज्याच्या कपाटात, मतदारयादीही त्याच्याच हाती! वर्गणी भरायला आलेल्याला "पुस्तक संपलंय, पुढच्या महिन्यात या" म्हणून सांगायचे आणि निवडणूक आली की त्यालाच थकबाकीदार ठरवायचे. उलट आपल्या माणसांचे पन्नास अर्ज एका बैठकीत मंजूर करून टाकायचे. माझे तर मत असे झाले आहे की, अशा संस्थांची निवडणूक मतदानाच्या दिवशी होतच नाही. यादी लिहिली जाते त्याच रात्री ती होऊन गेलेली असते.

निवडून आलेल्या मंडळाने ९० दिवसांत धर्मादाय कार्यालयाकडे बदल अर्ज द्यायचा असतो. हे कलम २२. बदल कायदेशीर झाला का, सभेची नोटीस सर्वांना वेळेत गेली का, गणपूर्ती होती का, संस्थेची घटना पाळली का, हे तिथे तपासले जाते. अर्ज मंजूर होईपर्यंत नवे मंडळ नाहीच, असा पुष्कळांचा समज असतो. तो बरोबर नाही. बदल घडतो सभेत, कार्यालयात त्याची नोंद होते. बँका मात्र नोंदीचा उतारा मागतात आणि घोडे अडते ते तिथेच. २०१७ च्या दुरुस्तीने हरकती मागवून बिनविरोध अर्ज लवकर निकाली काढण्याची सोय केली, हे चांगले झाले. वाद असलेल्या अर्जांत साक्षी, उलटतपासण्या, तारखा आल्याच.

आणि हरकत घेणार कोण? कायद्याला लागते 'हितसंबंधी व्यक्ती'. संस्था १८६० च्या कायद्याखालची असेल, तर तिचा कोणताही सभासद म्हणजे अशी व्यक्ती. ज्याचे नाव यादीतून उडवले, त्याला आधी आपण सभासद आहोत हेच सिद्ध करावे लागते. मत तर गेलेच, तक्रारीची पायरीही निसटली.

आमच्या प्रकरणात गंमत झाली. नोटिसा सर्वांना पाठवल्या हे दाखवायला पहिल्या गटाने पोस्टाचा शिक्का मारलेली यादी हजर केली. यूपीसी म्हणत तिला. पोस्टाने ती सेवा २०११ साली बंद केली. त्या यादीत माझे नाव पत्त्यासकट होते! मला नोटीस मिळालीच नव्हती, तो भाग वेगळा. आमच्या वकिलांनी एवढेच विचारले, "हे सभासद नव्हते, तर नोटीस कशाला पाठवलीत?" दुसऱ्या गटाची सभा तर कोणत्याच नियमात बसत नव्हती. २०१४ साली दोन्ही बदल अर्ज फेटाळले गेले. म्हणजे नोंदवहीत उरले त्याआधीचे मंडळ, आणि त्यातले तिघे तोवर वारले होते. हयात होते त्यांनी रीतसर यादी करून ती फलकावर लावली आणि २०१५ साली पुन्हा निवडणूक झाली.

कुलूप निघाले तेव्हा ग्रंथपाल निवृत्त होऊन गेले होते. त्यांचा थकलेला पगार चुकता करण्याचा ठराव पुढच्या सर्वसाधारण सभेत आला. मी हात वर केला. या वेळी यादीत माझे नाव बाविसावे होते.