ताब्याची नोटीस आणि मागे घेतलेली याचिका

वृत्तपत्रातल्या 'ताबा सूचना' या चौकटीत कर्जदार-जामीनदारांची नावे, थकीत रक्कम आणि मालमत्तेची चतुःसीमा छापलेली असते: पूर्वेस रस्ता, पश्चिमेस शेजाऱ्याचे घर. हाच कागद दारावरही डकवतात. 2002 च्या सरफेसी कायद्याची करामत अशी की, इथवर येण्यासाठी बँकेला कोर्टाची पायरी चढावी लागत नाही. आधी 60 दिवसांची मागणी नोटीस, मग ताबा, आणि 7 दिवसांत दोन वृत्तपत्रांत प्रसिद्धी. त्यातले एक स्थानिक भाषेतले. हा ताबा बहुधा सांकेतिक असतो. प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक कलम 14 खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते. शेतजमिनीला मात्र कायद्याने वगळले आहे. त्यामुळे बुलढाणा जिल्ह्यातल्या खामगाव-मलकापूरकडची गहाण जिनिंग या कायद्याच्या तावडीत येते, कपाशीचे शेत येत नाही.

कोर्टात जायचे ते कर्जदाराने. बुलढाण्याच्या माणसासाठी ती जागा म्हणजे नागपूरचे कर्ज वसुली न्यायाधिकरण आणि मुदत 45 दिवस. तरी घाबरलेला माणूस स्टे मिळेल या आशेने थेट उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ गाठतो. न्यायाधिकरणाचा मार्ग मोकळा असताना अशा याचिका उच्च न्यायालयांनी सहसा घेऊ नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने 2010 मध्ये सत्यवती टंडन प्रकरणात बजावले. मग खंडपीठाचा कल ओळखून वकील उठतात आणि याचिका मागे घेण्याची परवानगी मागतात. आदेश दोन-चार ओळींचा असतो, पण त्यात न्यायाधिकरणाकडे जाण्याची मुभा नोंदवून घेणे शहाणपणाचे. 1986 च्या सरगुजा ट्रान्सपोर्ट निकालाप्रमाणे पुन्हा दाखल करण्याच्या परवानगीविना मागे घेतलेली याचिका त्याच कारणासाठी पुन्हा आणता येत नाही. इतर उपाय मात्र शाबूत राहतात. चुकीच्या दारात गेलेले दिवस मुदतीतून वगळून मागता येतात, पण मिळतीलच असे गृहीत धरू नये.

माघारीचे दुसरे कारण तडजोड. एकरकमी परतफेड ठरली की कर्जदार न्यायाधिकरणात पुरसिस, म्हणजे माघारीचे लेखी निवेदन, देतो. इथे घाई महागात पडते. प्रकरणासोबत अंतरिम स्थगितीही जाते, कर्ज मात्र जागेवर राहते. म्हणून बँकेचे लेखी मंजुरीपत्र हाती आल्याखेरीज सही करू नये आणि तडजोडीच्या अटी रेकॉर्डवर आणाव्यात. हप्ता चुकला तर बँक पुन्हा ताब्याच्या मागे लागू शकते.

सहकारी बँकांना हा कायदा लागूच नाही, हा बचाव एके काळी हिरिरीने मांडला जाई. कागल तालुक्यातल्या मुरगूडच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेच्या प्रकरणात 5 मे 2020 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी तो निकालात काढला. चिखली, मलकापूरसारख्या सहकाराच्या गावांत त्याचा अर्थ सांगावा लागत नाही.

न्यायाधिकरणात हरल्यास अपील मुंबईला. त्यासाठी कर्जदाराला निम्मी रक्कम आधी भरावी लागते. फार तर ती 25 टक्क्यांपर्यंत कमी होते. पुष्कळ पुरसिसांमागे हाच हिशेब असावा.