ठिपक्यांचे घर

सुनील संझगिरी यांच्या 'गोल्डन ज्युबिली' (२०२१) या लघुपटात त्यांचे वडील गोव्यातल्या पिढीजात घरात हिंडतात. हिंडतात ते संगणकाच्या पडद्यावर. खाणकंपन्या लोहखनिजाच्या जागांचे नकाशे करायला जे मोजणीचे तंत्र वापरतात, त्याच तंत्राने हे घर उभारले आहे. लघुपट पाहिला, पण असे घर बनते कसे ते कळेना. माझा भाचा अकोल्यात ड्रोनने जमिनी मोजण्याची कामे घेतो. त्याला विचारले तर म्हणाला, "सांगून नाही समजत मामा. दर्यापूरकडचा तुमचा वाडाच करून पाहू."

त्याने ढगाळ दिवस निवडला. ऊन असले की सावल्या सरकतात आणि सकाळचा फोटो दुपारच्या फोटोशी जुळत नाही. ड्रोन माळवदावरून सरळ रेघांत फिरला. प्रत्येक फोटोत आधीच्या फोटोतला बराच भाग पुन्हा यायलाच हवा. मग हातात कॅमेरा घेऊन ढेलज, ओसरी, स्वयंपाकघर. एक पाऊल, एक फोटो. पुढचे काम रात्रभर संगणकाचे. दोन फोटोंतला एकच खिळा, एकच तडा तो हुडकतो, तो किती सरकला यावरून त्याचे अंतर काढतो आणि तिथे ठिपका ठेवतो. असे लाखो ठिपके जमले की भिंत दिसू लागते.

सगळीच दिसत नाही. धुराने काळवंडलेली, पोपडे आलेली चुलीमागची भिंत हुबेहूब आली. नुकता चुना दिलेली देवघराची भिंत मात्र चाळणी झाली होती. "कोऱ्या भिंतीवर याले धराले काहीच भेटत नाही," भाचा म्हणाला. ओसरीतल्या आरशाने तर कमाल केली. भिंतीच्या पलीकडे, जिथे प्रत्यक्षात शेजाऱ्याचे अंगण आहे, तिथे एक अर्धी खोली उगवली. मोजणीच्या कामात असले सगळे पुसावे लागते, नाहीतर बिल निघत नाही. आईने ते घर पाहिले आणि पहिला प्रश्न विचारला, "रांजण कुठी गेला?" रांजण जाऊन तीसेक वर्षे झाली असतील. मग त्या रिकाम्या कोपऱ्याबद्दल ती अर्धा तास बोलत राहिली.

संझगिरींची शैली मला इथे उलगडली. ते अमेरिकेत वाढले, न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमध्ये काम करतात. गोवा त्यांच्याकडे आला तो वडिलांच्या बोलण्यातून. वडील कुडचड्याचे. १९६१च्या डिसेंबरात पोर्तुगीज राजवट संपली तेव्हा ते अठरा वर्षांचे होते आणि नुकतेच मुंबईला आले होते. म्हणजे मुक्तीची बातमी बापानेही लांबूनच ऐकली. 'अॅट होम बट नॉट अॅट होम' (२०१९) या लघुपटात मुलगा वडिलांशी स्काइपवर बोलतो. शिवाय ड्रोनची दृश्ये, सोळा मिलिमीटरची फिल्म, समांतर सिनेमातले तुकडे, संगणकाच्या पडद्याची चित्रे. ही सगळी लांबून पाहण्याची साधने, आणि ते लांबपण झाकायचा प्रयत्न कुठेच नाही. आपले बहुतेक माहितीपट गावात शिरल्याचा आव आणतात. त्यापेक्षा मला हे प्रामाणिक वाटते.

'लेटर फ्रॉम युअर फार-ऑफ कंट्री' (२०२०) मराठी माणसाने तर पाहावाच. ते पत्र आहे प्रभाकर संझगिरींना, म्हणजे महाराष्ट्रातले मार्क्सवादी नेते आणि मराठीत लिहिणारे लेखक. ते सुनील यांचे दूरचे नातलग. यातली फिल्म २००२ सालीच मुदत संपलेली. गुजरातच्या दंगलींचे ते वर्ष. पण सतरा-अठरा मिनिटांत कवी आगा शाहिद अली, आंबेडकर, नाटककार सफदर हाश्मी, गायिका इक्बाल बानो, शाहीनबागचे आंदोलन इतके सगळे येते की पाहणारा धापा टाकतो. लघुपट एखाद्या चेहऱ्यावर जरा थांबला असता तर बरे झाले असते, असे मला दोनदा वाटले.

'गोल्डन ज्युबिली'त ही घाई नाही. लहानपणीच्या एका आठवणीवरून वडील देवचाराच्या आवाजात बोलू लागतात. देवचार हा गोव्यातल्या गावांचा राखणदार, शेतकऱ्या-मजुरांना आणि गावाच्या सामाईक जमिनीला सांभाळणारा. ती जमीन ज्यांनी खणली त्यांच्याच तंत्राने मुलाने घर राखायला घेतले आहे, ही त्यातली खरी मेख. आपल्याकडे २०२०पासून स्वामित्व योजनेत गावठाणांवर ड्रोन फिरले आणि मिळकतपत्रिका निघाल्या. त्या नकाशात घराची हद्द अचूक असते, रांजणाचा कोपरा नसतो.

तिन्हींतला एकच पाहायचा तर 'गोल्डन ज्युबिली' पाहा. आणि घरातल्या एखाद्या म्हाताऱ्या माणसाला शेजारी बसवून पाहा.